पुळणीवरचं प्लास्टिक उचलायचंय? शेवटाकडून सुरुवात करा

कोकणात किनारा साफ करायला माणसं कमी पडत नाहीत. शनिवार-रविवारी पुण्या-मुंबईचे गट येतात, एनएसएसची मुलं येतात. नोकरी सोडून गावी राहायला आलेली आणि घरगुती राहण्या-जेवणाचा धंदा मांडलेली नवी मंडळी तर फारच हौसेने उतरतात. दोन तासांत पोत्यांची रांग लागते, फोटो होतो, वडापाव होतो. पोती मात्र सुरूच्या बनाच्या कडेला राहतात, कारण 'ग्रामपंचायतीची गाडी येणार आहे'. गाडी येत नाही. मे महिन्याच्या उन्हात पोत्यांचेच धागे सुटायला लागतात आणि जूनच्या उधाणाला सगळा ऐवज पुन्हा पुळणीवर, म्हणजे किनाऱ्याच्या वाळूवर, पसरतो. गाववाले गालातल्या गालात हसतात. हसू देत. हा खेळ त्यांनी बऱ्याचदा पाहिलेला असतो.

तुम्ही या कामात नवे असाल तर खालचा क्रम धरा. तो मुद्दाम उलटा आहे: आधी शेवटचं काम, मग तारीख, मग माणसं आणि सामान, आणि उचलणं बरंच नंतर.

पोती कुठे जाणार?

याचं उत्तर हातात नसेल तर तारीख जाहीर करू नका.

पहिला दरवाजा ग्रामपंचायतीचा. २०१६ च्या प्लास्टिक कचरा व्यवस्थापन नियमांनी ही जबाबदारी शहरांपुरती न ठेवता ग्रामपंचायतींवरही टाकली आहे. पण नियम दाखवत जाऊ नका. कोकणातल्या बऱ्याच ग्रामपंचायतींकडे एखादी घंटागाडी असते, तीही अमुक वारीच फिरते. सरपंच आणि ग्रामसेवकांना भेटून तीन गोष्टी विचारा: गाडी कधी मिळेल, माल कुठे उतरवायचा आणि पावसाळ्याआधी तो तिथून कोण उचलणार. तिसऱ्या प्रश्नावर जी शांतता पसरते, तिथून तुमचं खरं काम सुरू होतं.

दुसरा दरवाजा पंचायत समितीचा. स्वच्छ भारत मिशनच्या ग्रामीण भागासाठीच्या दुसऱ्या टप्प्यात प्रत्येक तालुक्याला एक प्लास्टिक कचरा व्यवस्थापन केंद्र असावं, अशी तरतूद आहे. प्लास्टिक झाडणारं, बारीक करणारं आणि गठ्ठे बांधणारं यंत्र तिथे असणं अपेक्षित असतं. तुमच्या तालुक्यात ते चालू आहे का, तिथे माल वाळलेलाच लागतो का, वाहतूक कोणी करायची, हे प्रत्यक्ष जाऊन बघा. फोनवर सगळीच केंद्रं चालू असतात.

गाव नगर परिषदेच्या किंवा नगरपंचायतीच्या हद्दीला लागून असेल तर तिसराही दरवाजा उघडतो. एकदा वेंगुर्ल्याला चक्कर टाकून या. तिथल्या नगर परिषदेने कचरा घरातूनच वेगळा घ्यायला सुरुवात केली आणि जुन्या कचराडेपोच्या जागेवर असं ठिकाण उभं केलं की ते बघायला लोक येऊ लागले. वेगळं केलेलं प्लास्टिक तिथे बारीक करून डांबरी रस्त्यांसाठीही वापरलं गेलं. मदुराईचे प्राध्यापक राजगोपालन वासुदेवन यांनी ही रीत बसवली आणि त्यांना २०१८ साली पद्मश्री मिळाली. पण रस्त्यात वाटेल ते प्लास्टिक घालून चालत नाही. पीव्हीसी तर बिलकूल नाही, कारण तापवल्यावर त्यातून विषारी वायू सुटतो.

चौथा माणूस भंगारवाला, आणि माझ्या मते तोच सर्वांत महत्त्वाचा. त्याला किनाऱ्यावर बोलवा, चहा द्या, काय घेणार ते विचारा. तो पाण्याच्या बाटल्या घेतो, कडक प्लास्टिकचे डबे, बादल्या, क्रेट घेतो, जाड दोरखंडही बहुतेक वेळा घेतो. ओला आणि वाळूने भरलेला माल मात्र घेत नाही. घेतलाच तर वजनातून कापतो, कारण वाळू त्याच्या पुढच्या कारखान्यातल्या यंत्राची पाती खाते. त्याच्या आडमुठेपणाचं कारण हे आहे.

उरतं ते कुणालाच नको असलेलं: वेफर्स-कुरकुऱ्यांची चकचकीत पाकिटं, शाम्पूच्या पुड्या, गुटख्याच्या पुड्या, चिरलेल्या पिशव्या, थर्माकोल. चकचकीत पाकिटात प्लास्टिकचे आणि अॅल्युमिनियमचे पातळ थर एकमेकांना चिकटवलेले असतात. ते सोडवणं परवडत नाही, म्हणून ते वितळवून पुन्हा काही करता येत नाही. त्याची शेवटची जागा म्हणजे सिमेंटची भट्टी, जिथे कोळशाच्या जोडीला ते जाळतात. या भट्ट्या चंद्रपूरकडे, कर्नाटकात. हलका माल इतक्या लांब न्यायचा तर गठ्ठे बांधूनच न्यावा लागतो, म्हणजे पुन्हा तालुक्याच्या केंद्राकडेच यायचं.

जाळायचं नाही, पुरायचंही नाही. उघड्यावर कचरा जाळण्यावर राष्ट्रीय हरित लवादाने डिसेंबर २०१६ मध्ये बंदी घातली. साध्या प्रकाराला ५,००० रुपये आणि मोठ्या प्रमाणावर जाळला तर २५,००० रुपये भरपाई ठरवली. पुरण्याबद्दल एवढंच सांगतो की कोकणातली पुळण जागेवर बसणारी नसते. पावसाळ्यात समुद्र तिचा थर खरवडून नेतो आणि तुम्ही पुरलेलं सगळं दाखवून देतो.

तारीख कॅलेंडरवर नव्हे, पंचांगात बघा

रविवार सोयीचा म्हणून रविवार ठरवतात आणि भर भरतीला पोचतात. पुळण चार हात उरलेली, कचरा लाटांत तरंगतोय आणि माणसं बनात सेल्फी काढतायत.

किनाऱ्यावरचा जुना हिशोब सोपा आहे: तिथीची पाऊणपट करा, भरतीची वेळ मिळते. चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन, म्हणजे पहाटे तीनच्या आणि दुपारी तीनच्या सुमारास पूर्ण भरती. सहा तास पुढे गेलात की सकाळी नऊला सुकती (ओहोटी) संपते. अष्टमीला सहा-सहाला भरती, बाराला ओहोटी. पौर्णिमेला किंवा अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा, म्हणजे सकाळी सातला सुरुवात केलीत तर पाणी सतत तुमच्या अंगावर येत राहणार. हा हिशोब रत्नागिरीच्या आसपास चांगला जमतो. मुंबईकडे वेळ थोडी पुढे जाते, वेंगुर्ल्याकडे थोडी मागे येते. मिनिटांचा घोळ नको असेल तर भरती-ओहोटीचं छापील वेळापत्रक बघा.

यातूनच उत्तम दिवसही निघतो. पौर्णिमा-अमावास्येच्या उधाणाला समुद्र आपला माल पुळणीवर सर्वांत वर, वाळूवर पसरणाऱ्या मर्यादवेलीच्या कडेला टाकतो. पुढे भांग (अष्टमीच्या सुमाराची सर्वांत कमी चढणारी भरती) येईपर्यंत भरती रोज थोडी कमी चढते, त्यामुळे ती वरची रेघ तशीच सुकत पडून राहते. तृतीया ते षष्ठी या दिवसांत सकाळी ओहोटीही असते आणि मालही वाळलेला असतो. या चारांतला एखादा दिवस रविवारी आला तर सोन्याहून पिवळं.

ऋतूंचं म्हणाल, तर सर्वांत जास्त कचरा जून ते ऑगस्टमध्ये येतो. नैऋत्येचा वारा समुद्रावरचं सगळं किनाऱ्याकडे ढकलतो आणि नद्या घाटमाथ्यापासूनचं सगळं खाली आणतात. पण त्या दिवसांत नव्या माणसांना पाण्याजवळ नेऊ नका. लाट पाय ओढते आणि वाळूखाली कुठे खड्डा पडलाय ते दिसत नाही. आंतरराष्ट्रीय किनारा स्वच्छता दिन सप्टेंबरच्या तिसऱ्या शनिवारी असतो. कोकणात तो कधी गणपतीत येतो, कधी पावसाच्या झडीत, आणि गावातलं एक माणूस रिकामं नसतं. शाळा-कॉलेजांना तो दिवस करू द्या. तुम्ही ऑक्टोबर निवडा, आणि दुसरी फेरी एप्रिल-मेमध्ये. तेव्हा कुठे जायचं ते शेवटी सांगतो.

वर्षातून एकदा मोठा कार्यक्रम करण्यापेक्षा दहा माणसांनी पंधरवड्याला येणं कितीतरी बरं. मुंबईच्या वर्सोव्याला वकील अफरोज शाह यांनी २०१५ मध्ये सुरू केलेलं काम नाव कमावून गेलं ते आठवड्यामागून आठवडा चालू राहिल्यामुळे. मार्च २०१८ मध्ये तिथल्या वाळूतून ऑलिव्ह रिडले कासवाची पिल्लं निघाली.

आधी कुणाला विचारायचं

पुळण मोकळी दिसते, पण ती कुणाच्या तरी वापरात असते. रापण (किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं) ओढायची जागा असते, होड्या ओढून ठेवायची असते, सुकट वाळवायची असते. तुम्हाला जो जाळ्यांचा कचरा वाटतो तो कदाचित कुणीतरी दुरुस्तीसाठी ठेवलेला असतो. मच्छीमारांच्या वस्तीत, म्हणजे खारवीवाड्यात, कोळीवाड्यात किंवा गाबीतवाड्यात, आदल्या संध्याकाळी जाऊन वडीलधाऱ्यांशी बोला. "काका, उद्या सकाळी येतोय आम्ही, कशाला हात लावायचा नाही ते सांगा," एवढं वाक्य पुरतं. उपदेश करू नका. प्लास्टिकवरून मच्छीमाराला बोल लावणारी माणसं बहुधा बाटलीबंद पाणी पीत असतात.

त्याच्या बाजूचाही विचार करा. सुती जाळी दर खेपेला धुवावी लागायची, वाळवावी लागायची, सालीच्या रंगात उकळावी लागायची, आणि तरी कुजायची. नायलॉन १९३५ साली अमेरिकेत ड्यू पाँ कंपनीच्या प्रयोगशाळेत तयार झालं. ते इथल्या होड्यांवर आलं तेव्हा घरातल्या बायकांचे आणि पोरांचे किती तास वाचले असतील! शेतातही तसंच. इरलं जाऊन प्लास्टिकची खोळ आली, पडवीला माडाच्या झापांची झड लावायची तिथे निळी ताडपत्री आली, सुंभाच्या जागी नायलॉनची दोरी आली. जिथे साडेतीन महिन्यांत तीन हजार मिलिमीटर पाऊस पडतो, तिथे न कुजणारी वस्तू माणसं दोन्ही हातांनी घेणारच. न कुजणं हा तेव्हा गुण होता. तोच आता पुळणीवर येऊन पडतोय.

आणखी एक गोष्ट मच्छीमारांना सांगण्यासारखी आहे, बऱ्याच जणांना ती ठाऊकही असते. कासव, डॉल्फिन किंवा व्हेल शार्कसारखा संरक्षित जीव जाळ्यात अडकला आणि जाळं कापून त्याला सोडलं, तर महाराष्ट्र सरकारच्या योजनेतून २५,००० रुपयांपर्यंत भरपाई मिळते. डिसेंबर २०१८ पासून ही योजना आहे आणि वन विभागाचा कांदळवन (खारफुटी) कक्ष ती बघतो. फोटो किंवा व्हिडिओ पुरावा म्हणून लागतो.

नोव्हेंबर ते मे या काळात काम असेल तर वन विभागाला आणि गावातल्या कासवमित्रांना विचारल्याशिवाय पाऊल टाकू नका. वेळास, आंजर्ले, गुहागरसारख्या किनाऱ्यांवर या दिवसांत ऑलिव्ह रिडले अंडी घालून जातात. शंभरेक अंडी वाळूत हातभर खोल असतात आणि वरून काही कळत नाही. अशा वेळी दाताळं नको, ट्रॅक्टर नको, वाळू उकरणं नको. फक्त वर दिसतं ते हाताने उचला. अंधार पडल्यावर विजेऱ्या घेऊन फिरायचं नाही.

सामान

इथे फार डोकं लावायची गरज नाही, पण दोन-तीन गोष्टी चुकतातच.

खताच्या किंवा सिमेंटच्या पांढऱ्या गोण्या सगळे आणतात. त्या विणलेल्या प्लास्टिकच्याच असतात आणि उन्हात महिनाभर राहिल्या की त्यांचे दोरे उडायला लागतात. माल त्याच दिवशी हलणार असेल तरच त्या चालतील, एरवी गोणपाट बरा. उचलताना हातात बांबूचा हारा किंवा टोपली ठेवा, हलवलं की वाळू तिथल्या तिथे गळून जाते. हातमोजे जाड, धुऊन परत वापरायचे. पातळ पारदर्शक हातमोजे आणलेत तर तुम्ही कचरा उचलायला आलात की टाकायला, असा प्रश्न पडेल. पायात बंद बूट हवेत. चपलेतून मासेमारीचा गळ घुसला तर तो उलटा ओढून निघत नाही, दवाखान्यातच जावं लागतं. जाळी कापायला कोयता घ्या, तो वापरता येणाऱ्या माणसाच्याच हातात द्या. बारीक तुकड्यांसाठी बांधकामाची जुनी चाळण आणि वजनाला मासळीवाले वापरतात तसला लटकवायचा काटा.

पाणी कळशीतून आणि स्टीलच्या फुलपात्रातून. खाणं पत्रावळीवर किंवा केळीच्या पानावर. थर्माकोलच्या ताटल्या आणि प्लास्टिकचे पेले महाराष्ट्रात २०१८ पासून बंद आहेत. पहिल्यांदा सापडलात तर ५,००० रुपये दंड आहे. देशभरात एकदाच वापरायच्या ताटल्या, पेले, चमचे, स्ट्रॉ आणि सजावटीचा थर्माकोल १ जुलै २०२२ पासून बंद झाले. राहण्या-जेवणाचा धंदा करणाऱ्या नव्या मंडळींनी हे आधी आपल्या स्वयंपाकघरात तपासावं. पाहुण्याला सोलकढी कशातून देता?

उचलायला सुरुवात

सर्वांत आधी थर्माकोल. सकाळी कोकणात मतलई वारा असतो, जमिनीकडून समुद्राकडे वाहणारा. थर्माकोलमध्ये जवळजवळ सगळी हवाच असते, त्यामुळे पाय लागला की तुकडा मोडतो आणि मणी पाण्याकडे पळतात. तो मोडून पसरण्याआधीच उचला: दोन माणसं पुढे पाठवा, त्यांनी बर्फाच्या पेट्यांचे तुकडे आणि तरंगते गोळे बारीक विणीच्या पोत्यात भरून तोंड बांधून टाकायचं. बाकीचे मागून.

मग रेघ धरून चाला. सगळ्या पुळणीवर पांगू नका. कचरा भरतीच्या रेघांवरच असतो: एक ओली ताजी रेघ, एक मागच्या उधाणाची वरची रेघ, आणि एक पावसाळ्यातली, सुरूच्या मुळांत अडकलेली. ही तिसरी सर्वांत श्रीमंत आणि तिच्याकडेच कुणी जात नाही. तिथे काम करताना मर्यादवेल उपटू नका. तिच्या वेलींमध्ये गुरफटलेली दोरी कापून काढा, वेल ओढून नव्हे. वाळू जागेवर धरायचं काम ती करते. शंख-शिंपले, वाहून आलेलं लाकूड, माडाची सावळी, समुद्री शेवाळ हा कचरा नाही, राहू द्या. खेकड्यांची आणि पाखरांची पोटं त्यावर भरतात. झाडलेल्या अंगणासारखा किनारा ही आपल्या डोळ्यांची आवड आहे.

वाळूत रुतलेलं जाळं चार माणसांनी जोर लावून ओढायचं नाही. नायलॉन पाण्यापेक्षा जड असतं, म्हणून सुटलेलं जाळं समुद्रात तळाला बसतं, खडकाला किंवा प्रवाळाला गुंततं आणि मासे, कासवं धरत राहतं. लाटांनी किनाऱ्याला आणलं की त्यात मणामणाची वाळू भरते. दिसतं तेवढं कापा, बाकीचं पुढच्या उधाणाने उघडं केल्यावर.

कशाला हात लावायचा नाही, तेही ठरवून घ्या. सुया आणि औषधांच्या कुप्या वेगळ्या कडक डब्यात, चिमट्याने, आणि त्या प्राथमिक आरोग्य केंद्रात विचारून द्यायच्या. बंद पिंप, रसायनाचा वास येणारे कॅन, नीट चिकटपट्ट्यांनी बांधलेली पुडकी यांना शिवू नका. ऑगस्ट २०२३ मध्ये दापोलीच्या किनाऱ्यांवर चरसाची पाकिटं वाहून आली होती. असं काही दिसलं तर ११२ ला किंवा सागरी पोलिसांना कळवा. जिवंत किंवा मेलेलं कासव, डॉल्फिन दिसलं तर वन विभागाचा क्रमांक १९२६. वाळूवर पडलेला समुद्री साप निपचित दिसला तरी विषारी असतो. पावसाळ्यात निळसर फुग्यासारखे जीव वाहून येतात, ते सुकलेले असले तरी चावा घेतल्यासारखे झोंबतात. मुलांना हे आधी सांगा.

वेगळं करणं, पुळणीवरच

घरी किंवा शाळेच्या आवारात नेऊन वेगळं करू, असं म्हणू नका. दमलेली माणसं घरी गेली की परत येत नाहीत. शेवटचा एक तास याच कामाला ठेवा, सावलीत ताडपत्री अंथरून.

भंगारवाल्याकडे जाणारा माल आधी काढा. बाटलीच्या बुडाशी त्रिकोणात आकडा असतो. १ म्हणजे पाण्याच्या आणि थंड पेयांच्या बाटल्या, २ म्हणजे तेलाचे कॅन, डबे, ५ म्हणजे झाकणं, क्रेट, खुर्च्यांचे तुकडे. या तिघांना गिऱ्हाईक आहे. ४ म्हणजे पातळ पिशव्या, दुधाच्या पिशव्या. त्या स्वच्छ आणि कोरड्या असतील तरच कुणी घेईल. ३ म्हणजे पीव्हीसी, पाइपांचे तुकडे आणि जुने बॅनर. ते बाकीच्यांत मिसळू देऊ नका. ६ म्हणजे थर्माकोल आणि तसलेच ठिसूळ पेले.

आकडा झिजलेला असेल तर बादलीभर समुद्राचं पाणी घ्या आणि तुकडा टाकून बघा. झाकणं, नायलॉन नसलेल्या दोऱ्या, डब्यांचे तुकडे तरंगतात, बाटलीचा आणि पाइपचा तुकडा बुडतो. किनाऱ्यावर बाटल्यांपेक्षा झाकणं सुटी जास्त का सापडतात, तेही मुलांना यातून समजतं: झाकण निघालेली बाटली पाणी भरून केव्हाच तळाला गेलेली असते.

बाटल्यांची झाकणं काढा, पाणी आणि वाळू झटका, चेपा. गोड्या पाण्याने धुवत बसू नका, मे महिन्यात तर विहिरीवरच्या बायका तुम्हाला हाकलून देतील. दोन उन्हं दिलीत की पुरे, वाळू आपोआप सुटते. मात्र उन्हात ठेवलेला माल जाळीखाली झाका, नाहीतर दुपारचा खारा वारा तो गावात नेऊन सोडेल.

चाळणीत जे अडकतं ते नीट बघा. मसुरीच्या दाण्याएवढे रंगीत तुकडे, दुधाच्या पिशवीचे कापलेले कोपरे, कान कोरायच्या काड्या. पाच मिलिमीटरपेक्षा लहान तुकड्यांना सूक्ष्म प्लास्टिक म्हणतात. ऊन आणि मीठ यांनी मोठ्या वस्तूचं हेच होतं: ती तुटत जाते, संपत नाही. २०१७ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासाचा हिशोब असा की २०१५ पर्यंत जगात सुमारे ८३० कोटी टन प्लास्टिक तयार झालं, त्यातल्या ६३० कोटी टनांचा कचरा झाला, आणि त्या कचऱ्यातला जेमतेम ९ टक्के पुनर्वापरासाठी वितळवला गेला. चाळणीतलं सगळं तुम्ही वेचू शकणार नाही. एक चौरस मीटर चाळा, मुलांना दाखवा, पुढे चला. आणि हो, दूध काढताना पिशवीचा कोपरा पुरता तोडू नका, लटकता ठेवा. एवढी सवय घरोघर लागली तर चाळणीतला एक प्रकार कमी होईल.

वहीत काय लिहायचं

वजन लिहाच, पण त्यावर फार विसंबू नका. एक ओलं जाळं आणि दहा पोती थर्माकोल यांत जाळंच जड भरेल. त्यापेक्षा पन्नास पावलांचा एक ठराविक पट्टा धरा, दर खेपेला तोच, आणि त्यात काय किती निघालं ते मोजा: बाटल्या, झाकणं, पाकिटं, दोऱ्या, थर्माकोल, चपला. पाकिटांवरची कंपनी आणि बनवल्याची तारीख टिपा. माल वर्षानुवर्षं फिरून आलाय की गेल्या महिन्यात वरच्या बाजारपेठेतून, ते तारखेवरून कळतं. कंपन्यांवर आपलं वेष्टन परत गोळा करण्याची जबाबदारी नियमांनी टाकली आहे, त्यामुळे नावांची यादी ग्रामपंचायतीच्या ठरावासोबत पाठवता येते.

तीन-चार खेपांनंतर वहीत एक गोष्ट दिसू लागेल. बंदराजवळ जाळी, दोऱ्या आणि थर्माकोल जास्त, पर्यटकांच्या पुळणीवर बाटल्या आणि पेले, आणि व्हाळाच्या (ओढ्याच्या) किंवा खाडीच्या मुखाशी घरातला कचरा: शाम्पूच्या पुड्या, मसाल्याची पाकिटं, औषधांच्या पट्ट्या, लहान मुलांचे लंगोट. हा शेवटचा ढीग समुद्राने आणलेला नसतो. तो तुमच्या-माझ्या वाडीतून आलेला असतो.

एप्रिल-मे: किनारा सोडा, व्हाळावर जा

कोकणात कचरा टाकायची पारंपरिक जागा म्हणजे घराच्या मागचा उतार. पाचोळा आणि माशाची खवलं टाकत होतो तोवर काही बिघडत नव्हतं. आता त्याच उतारावर पिशव्या जातात, पावसाळ्यात पऱ्यातून (छोट्या ओहळातून) व्हाळात, व्हाळातून वाशिष्ठी, शास्त्री, कर्लीसारख्या नद्यांत आणि तिथून खाडीमार्गे समुद्रात. एप्रिल-मेमध्ये हे पऱ्ये कोरडे असतात. माल एका जागी, वाळूविना, वाळलेला आणि भंगारवाल्याला आवडेल असा पडलेला असतो. पुळणीवर दिवसभरात जेवढं हाती लागतं तेवढं इथे दोन तासांत लागतं.

बाजारपेठेच्या आणि आठवडाबाजाराच्या मागचा पऱ्या आधी घ्या, मग पुलाखालची जागा. पुलावरून कचरा फेकायची सवय असलेले महाभाग प्रत्येक गावात असतात, पुलाच्या कठड्याला उंच जाळी बसवून मागा. कांदळवनात अडकलेल्या पिशव्या काढायच्या तर ओहोटीला, होडी असलेल्या माणसाला सोबत घेऊन. तिथे चिखलात कमरेपर्यंत रुततं आणि कांदळांची वर आलेली मुळं मोडतात. नव्यांनी पहिल्या वर्षी तिकडे जाऊच नये.

मृगाच्या आधी व्हाळाच्या अरुंद जागी जुन्या जाळ्याचा पट्टा आडवा बांधता येतो. मच्छीमारांकडे फाटकं जाळं मागा, ते देतात. जूनपासून दोन महिने मासेमारी बंद असल्यामुळे बांधायला मदतही मिळते. जाळं तळापर्यंत नेऊ नका, खाली हातभर मोकळं सोडा. एका बाजूची गाठ अशी ठेवा की ओढली की सुटेल. पहिल्या दोन-तीन सरींत वरचा सगळा सुका कचरा तिथे येऊन थटतो. पाऊस उघडला की लगेच तो काढून घ्यायचा, आठवडाभर थांबायचं नाही. पाणी गढूळ होऊन चढायला लागलं की जाळं सोडून घरी आणायचं, नाहीतर तेच जाळं खाडीत जाईल. आणि चढणीचे मासे, म्हणजे पहिल्या पुरात प्रवाहाविरुद्ध चढणारे, वर यायच्या आत ते निघालेलं बरं. उशीर झाला तर ते मासे पकडायला टोपल्या घेऊन व्हाळात उतरलेली वाडीतली पोरं तुम्हाला शोधत येतील.